दगडाच्या पोटातले बिऱ्हाड

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

आमच्या नानीचे एक ठरलेले वाक्य होते. ज्वारीची कणगी तळाला गेली, पाऊस लांबला किंवा मामूंचा पगार अडकला, की ती हातातली तसबीह बाजूला ठेवायची आणि म्हणायची, ‘‘पत्थर में के कीडे कू भी वो देताच है ना? फिर तुमना क्या भूका रखेगा?’’ दगडातल्या किड्यालाही तो देतो, मग तुम्हाला उपाशी ठेवील काय, असा त्याचा अर्थ. घरातली मोठी माणसे यावर ‘बेशक’ म्हणून गप्प बसत. मला मात्र देणाऱ्यापेक्षा त्या किड्याचेच कुतूहल जास्त. तो दगडात शिरला कुठून? आत श्वास कसा घेतो? आणि त्याच्या तोंडात हिरवे पान कोण नेऊन घालते? कारण नानीच्या गोष्टीत दगड फुटला की आतल्या किड्याच्या तोंडात हिरवे पान हे असायचेच.

शाळेत गेलो, तर तिथे किड्याच्या जागी बेडूक भेटला. गोष्ट तुम्हालाही ठाऊक असेल. सामानगडाचे बांधकाम चालू आहे, एवढ्या माणसांचे पोट आपण भरतो असा विचार शिवाजी महाराजांच्या मनाला शिवून जातो, आणि समर्थ रामदास तिथला एक धोंडा फोडायला सांगतात. धोंडा फुटतो, आतून पाणी निघते आणि पाण्यात जिवंत बेडूक. ही आख्यायिका आहे, तिला इतिहास म्हणण्याची गरज नाही. पण आमची नानी आणि आमचे गुरुजी आयुष्यात एकमेकांशी कधी बोलले नव्हते, आणि तरी दोघांच्या दगडात एकच भाडेकरू राहत होता, याची मला आजही गंमत वाटते.

आमच्या नगर जिल्ह्याला, म्हणजे २०२४ पासूनच्या अहिल्यानगर जिल्ह्याला, जिवंत दगडाचे तसे नवल नाही. पुणतांब्याला गोदाकाठी चांगदेवांची समाधी आहे. वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन आलेल्या या योग्याला सामोरी जायला ज्ञानदेव आणि त्यांची भावंडे भिंतीवर बसून गेली आणि ती निर्जीव भिंत चालू लागली, असे सांगतात. नेवाशाला ज्या खांबाला टेकून ज्ञानदेवांनी शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, गीतेवरची टीका सांगितली, त्या दगडी खांबाभोवती आता मंदिर आहे. लोक खांबाला कान लावावा तसे कपाळ लावतात. शनिशिंगणापूरला तर देव म्हणजे उघड्यावरची एक काळी शिळा. अशा मुलखात वाढलेल्या पोराने दगडात कोणीतरी राहते हे खरे मानले, तर त्याचा दोष नाही.

आज बोलायचे आहे ते या दगडातल्या जीवाबद्दल. तो काल्पनिक आहे, कबूल. पण त्याच्या जागी खरोखर राहणारा एक जण आहे. त्याची आणि माझी ओळख दोनदा झाली. एकदा विहिरीत आणि एकदा आमच्याच घराच्या भिंतीत. भिंतीतली ओळख जरा महागात पडली. तिच्याकडे शेवटी येतो.

विहीर मामूंची, राहुरी तालुक्यातली. उन्हाळ्याची सुटी होती. यारीची बादली वर-खाली होत होती आणि मी काठावर बसून बादलीतून काय काय वर येते ते पाहत होतो. आधी काळी माती, मग चुनखडीचे खडे असलेली पांढुरकी माती, मग मुरूम. त्याखाली लागला तो ज्याला आपल्याकडे मांजऱ्या म्हणतात तो खडक, तांबूस-करडा, भोके भोके असलेला. त्याच्याखाली काळा पाषाण असतो, तिथे घणसुद्धा उडतो. एका दुपारी सुरुंग उडाल्यानंतर वर आलेल्या डबरात एक धोंडा होता, मध्ये पोकळ. पोकळीच्या आत सगळीकडे काचेचे दात. काही दुधासारखे, काही फिकट हिरवे. ऊन पडले की डोळे मिटावे लागत. वडारांचा म्होरक्या म्हणाला, ‘‘गार हाय ती. ह्या खोलीत पाणी राहून गेलंय, बाळ.’’ त्याने ‘खोली’ हाच शब्द वापरला होता.

मी तो तुकडा कडेवर घ्यावा तसा घरी नेला. नानीने तो हातात फिरवून पाहिला. हिरवे दिसले, तेव्हा तिला पान सापडले असावे. तिने तो खिडकीत ठेवला. पुढच्या सुटीत गेलो तर हिरवे स्फटिक तसेच होते, पण त्यांच्या शेजारच्या पांढऱ्या काड्यांचे पीठ झाले होते. बोट लावले तर रांगोळीसारखे हाताला लागले. मी रडवेला झालो. नानी म्हणाली, ‘‘घर छूट गया ना उसका. मर गया बिचारा.’’

मी मराठी घेऊन बी.ए. झालेला माणूस. खनिजांचे शास्त्र पुढे वाचले ते हौसेने आणि अडखळत. पण वाचले तेव्हा कळले की नानीचे निदान फारसे चुकलेले नव्हते.

आपण ज्या खडकावर उभे आहोत तो सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा लाव्हा आहे. थरावर थर ओतला गेला आणि थिजला. भाकरी फुगताना आत वाफ अडकते तसे या थरांच्या वरच्या भागात वायूचे बुडबुडे अडकले. बुडबुडा निघून गेला, त्याची खोली उरली. मग त्या खोल्यांतून पाणी फिरू लागले, बराच काळ कोमट-गरम पाणी. खडकातली लाव्ह्याची काच या पाण्यात हळूहळू विरघळली. तिच्यातले सिलिका, कॅल्शियम, ॲल्युमिनियम पाण्यात उतरले आणि खोलीच्या भिंतीवर बसले. आधी हिरवट मातीचा पातळ गिलावा, मग गार, मग झिओलाइट कुळातली मंडळी, म्हणजे ह्युलँडाइट, स्टिल्बाइट, स्कोलेसाइट, आणि बऱ्याचदा सगळ्यांच्या शेवटी अपोफिलाइट. हे सगळे लाव्हा थंड होताच झाले असेही नाही. काही स्फटिक थरांच्या नंतर कोट्यवधी वर्षांनी वाढले आहेत. एक बिऱ्हाड गेले नाही तोवर दुसरे आले, आणि कोण कुणाच्या डोक्यावर बसले आहे ते पाहून कोण आधी आले हे सांगता येते. चाळीत राहिलेल्यांना ही पद्धत समजावून सांगायला नको.

म्हणजे स्फटिक दगडात शिरलेला नसतो. दगडाने स्वतःच्या अंगातले थोडे थोडे देऊन त्याला वाढवलेले असते. दगड झिजतो तेव्हा तो वाढतो. बदल्यात तो दगडाची भोके बुजवतो. खोली पूर्ण भरली की बदामाच्या आकाराचा पांढरा ठिपका उरतो. अशा खडकाला शास्त्रात दिलेले नावही ग्रीक भाषेतल्या बदामावरूनच आहे.

आता श्वासाचा प्रश्न. स्वीडनमधले ॲक्सेल क्रोनस्टेट यांनी १७५६ मध्ये असला एक स्फटिक ज्वाळेत धरला, तर तो फसफसला आणि त्यातून वाफ निघाली. म्हणून त्यांनी नाव दिले झिओलाइट. ग्रीकमध्ये त्याचा अर्थ उकळणारा दगड. या स्फटिकांच्या आत डोळ्यांना न दिसणाऱ्या बोळांची जाळी असते आणि तिच्यात पाणी असते. तापवले की पाणी बाहेर येते, गार होऊन दमट हवा मिळाली की परत आत जाते, आणि एवढे होऊनही बहुतेकांचा सांगाडा कोसळत नाही. काही मात्र नाजूक. लोमोंटाइट नावाचा पांढरा स्फटिक ओलसर खडकातून काढून कोरड्या हवेत ठेवला तर पाणी गमावतो, तडकतो आणि त्याचे पीठ होते. नानीच्या खिडकीत मेला तो बहुधा हाच असावा.

याच बोळांनी पुढे माणसाला श्वास दिला. २०२१च्या उन्हाळ्यात आपण सगळे ऑक्सिजनसाठी धावत होतो. तेव्हा घरोघरी जी ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटर नावाची यंत्रे आली, त्यांच्या पोटात झिओलाइटचेच दाणे असतात. कारखान्यात बनवलेले, पण कूळ तेच. हवेतला नायट्रोजन ते दाबाखाली धरून ठेवतात आणि ऑक्सिजन पुढे जाऊ देतात. दाब काढला की नायट्रोजन सोडून देतात. आत-बाहेर, आत-बाहेर. आमच्या घरात असे यंत्र अकरा दिवस चालू होते. रात्री त्याचा आवाज ऐकताना दगडातला किडा श्वास कसा घेतो हा जुना प्रश्न आठवायचा. आता मात्र त्याचा श्वास आमच्यापैकी एकाच्या नाकात जात होता.

जगाने या स्फटिकाला नाना रूपांत कल्पिले आहे. रोमन लेखक प्लिनीला वाटे की गार म्हणजे कायमचे गोठलेले बर्फ. आत दुसरा खडा खुळखुळणाऱ्या दगडाला तो गर्भार दगड समजत असे. अल्-बिरूनीने अकराव्या शतकात रत्नांवर एक आख्खा ग्रंथ लिहिला. फारसी कवींनी मानले की बदख्शानच्या डोंगरात साधा दगड युगानुयुगे सूर्य पीत राहतो आणि त्याचे माणिक होते. उर्दू शायरीत दगडाला रग असते आणि त्याच्या छातीत ठिणगी झोपलेली असते. मी मराठीत लिहितो, पण दगडाचा विषय निघाला की ही रग माझ्या हाताखाली ठणकते. आपल्याकडे मात्र दगडातल्या जीवावर काव्य करण्यापेक्षा त्याला मसाल्यात टाकण्याची रीत जास्त. दगडफूल नाही, अशी गोडा मसाल्याची बरणी दाखवा. खडकावर आणि झाडांच्या सालीवर वाढणारे हे दगडफूल म्हणजे एक जीव नव्हेच. बुरशी आणि शैवाल यांचा तो संसार आहे. हे सायमन श्वेंडेनर यांनी १८६७ मध्ये मांडले, तेव्हा अनेक जाणकारांनी त्यांची थट्टा केली. पुढे दहा-बारा वर्षांत जर्मन शास्त्रज्ञांनी ‘सहजीवन’ ही कल्पना मांडली, ती मुख्यतः या दगडफुलांच्या अभ्यासातूनच. एवढा मोठा शब्द आपल्या मिसळणाच्या डब्यात पडून आहे.

असो. राहुरीकडे परत येऊ. मुळेकाठच्या राहुरीजवळ मोमीन आखाडा नावाचे गाव आहे. मोमीन आणि आखाडा हे दोन शब्द एका पाटीवर गुण्यागोविंदाने नांदलेले पाहून मला नेहमी बरे वाटते. या गावाचे नाव जगातल्या खनिज संग्राहकांना पाठ आहे. नगर शहर कुठे आहे हे त्यांच्यातल्या अनेकांना सांगता येणार नाही, पण मोमीन आखाडा माहीत असते. २००० नंतरच्या काही वर्षांत इथे हिरव्या अपोफिलाइटचे असे झुपके मिळाले की संग्राहकांनी त्यांना ‘डिस्को बॉल’ म्हणायला सुरुवात केली. शेकडो आरशांचा गोळा फिरावा तसे ते चमकतात. हा हिरवा रंग व्हॅनेडियम या धातूच्या अगदी अल्प अंशामुळे येतो. नानीच्या किड्याच्या तोंडातले पान हे असे धातूचे निघाले.

आपल्या दगडातल्या स्फटिकांची ही परदेशवारी जुनीच आहे. भोर घाटातला लोहमार्ग १८६३ मध्ये सुरू झाला. तो खोदताना निघालेले स्फटिक तेव्हाच विलायतेच्या संग्रहालयांत पोचले होते. पुढे पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणीतले निळे कॅव्हनसाइट गाजले. आता दर वर्षी अमेरिकेतल्या टूसॉन शहरात भरणाऱ्या खनिजांच्या बाजारात महाराष्ट्राचे स्फटिक मखमलीवर ठेवलेले असतात. आपल्याला पाहायचे असतील तर नाशिक जिल्ह्यात सिन्नरला ‘गारगोटी’ नावाचे संग्रहालय आहे, तिथे जावे. मुलांना घेऊन जावे. माझी तक्रार एवढीच, की अशा प्रत्येक स्फटिकाखाली चिठ्ठी असते, चिठ्ठीवर खनिजाचे नाव असते, गावाचे असते, कधी संग्राहकाचेही असते. ज्याच्या पहारीने ती खोली पहिल्यांदा उघडली, ज्याने सुरुंग थांबवून हाताने माती काढली, त्याचे नाव मी अजून एकाही चिठ्ठीवर वाचलेले नाही. मामूंच्या विहिरीतल्या त्या म्होरक्याचे नाव मलाही आठवत नाही. म्हणजे मीही त्याच ओळीत बसतो.

आता दुसरी ओळख, भिंतीतली.

नगर शहर दगडाचे आहे. अहमद निजामशहाने १४९० नंतर सीनेच्या काठी हे शहर वसवायला घेतले. त्याचा पहिला किल्ला मातीचा. हुसेन निजामशहाने १५५९ पासून पुढच्या काही वर्षांत तो दगडात बांधला. किल्ल्याच्या पूर्वेला असलेली दमडी मशीद १५६७च्या सुमाराची, सरदार साहिरखानाने बांधलेली. किल्ल्यावर राबणाऱ्या मजुरांनी मजुरीतली एक एक दमडी दिली म्हणून दमडी मशीद, अशी लोककथा आहे. ही कथा मला तिच्यावरच्या कोरीव कामाइतकीच प्रिय आहे. आणि ते कोरीव काम म्हणजे दगडाला लोण्यासारखे वागवलेले. शहराच्या पूर्वेला शहा डोंगरावर सलाबतखानाची तीन मजली अष्टकोनी कबर आहे. आपण सगळे तिला चांदबिबीचा महाल म्हणतो. चांदबिबी तिथे नाही, हे कितीदा सांगितले तरी नगरकर ऐकत नाहीत, आणि मीही रिक्षावाल्याला चांदबिबीचा महालच सांगतो. १५८३ मध्ये पूर्ण झालेल्या फराहबागेच्या महालात दगड, चुना आणि वर नाजूक गिलावा. शहराला पाणी यायचे ते दूरच्या गावांहून खापरी नळांनी.

हे बांधणारे पाथरवट आणि गवंडी दगड निवडताना काय पाहत असतील? घडीव कामाला भरीव काळा पाषाण. भोकांचा, पांढऱ्या ठिपक्यांचा दगड बाजूला, कारण त्यातले बिऱ्हाड पाणी पिते आणि सोडते, त्याने दगड खिळखिळा होतो. सहजीवन सगळीकडे गोड नसते. म्हणजे स्फटिक भिंतीबाहेर राहिला, असे वाटेल. पण तो दुसऱ्या दाराने आत आला. ते दार म्हणजे चुना.

चुनखडी भट्टीत सुमारे नऊशे अंशांवर भाजली की कळीचा चुना होतो. तो पाण्यात विरवायचा, मुरवायचा, वाळू घालून बैलाच्या घाणीत मळायचा. कुणी गुळाचे पाणी घालत, कुणी बेलफळ, कुणी हिरडा. हा चुना दगडांच्या मधल्या दरजेत भरला की वाळतो असे आपण म्हणतो. खरे तर तो नुसता वाळत नाही. हवेतला कार्बन डाय-ऑक्साइड ओढून घेतो आणि त्याचे पुन्हा चुनखडीचे स्फटिक होऊ लागतात. भट्टीत गेलेला दगड भिंतीत परत दगड होतो. आणि हे काम गवंडी घरी गेल्यावरही वर्षानुवर्षे चालू राहते. दरजेत बारीक तडा गेला, तर पावसाचे पाणी शिरते, आजूबाजूचा किंचित चुना विरघळवते आणि तड्यात नेऊन सोडते. तिथे तो स्फटिक होऊन बसतो. भिंत स्वतःची जखम स्वतः शिवते. जुन्या कमानीखाली उभे राहून वर पाहिलेत तर कुठे कुठे पांढरे ओघळ आणि बोटभर लांबीची लटकलेली टोके दिसतात. ती याच प्राण्याची शेपटी समजा.

नगरच्या किल्ल्यातल्या भिंतींमध्ये १९४२ ते १९४५ या काळात नेहरू, मौलाना आझाद आणि इतर नेते कैदेत होते. नेहरूंचा ‘डिस्कव्हरी ऑफ इंडिया’ इथलाच, आणि आझादांचा ‘गुबार-ए-खातिर’सुद्धा. आझादांनी त्यात आपल्या खोलीत घरटे करणाऱ्या चिमण्यांबद्दल मोठ्या मायेने लिहिले आहे. कैद्याला खोलीतला दुसरा राहणारा बरोबर दिसतो. बाहेर मोकळे फिरणाऱ्या मला तो दिसायला फार वेळ लागला.

आमचे घर नगरच्या जुन्या वस्तीत, आजोबांच्या वडिलांचे. दोन हात जाडीच्या भिंती, दगड आणि चुना. २००४ मध्ये मुलीचे लग्न ठरले. पाहुण्यांसमोर पोपडे दिसायला नकोत म्हणून मी बैठकीच्या भिंतीचा जुना गिलावा काढून टाकला, दरजा खरवडल्या आणि वरून सिमेंटचा जाड गिलावा मारून घेतला. एका ठेकेदाराने सांगितले, पन्नास वर्षे बघायला नको. त्याला बोल लावत नाही. मीच हो म्हटले, मीच पैसे मोजले. अब्बा तेव्हा हयात होते. ते एवढेच म्हणाले, ‘‘दीवार का मुँह बंद कर दिया तूने.’’ मला तो म्हाताऱ्याचा हट्ट वाटला.

तीन पावसाळे गेले आणि भिंतीला लोणा लागला. आधी जमिनीलगत, मग गुडघ्यापर्यंत, मग कमरेपर्यंत. पांढरी, मऊ, कापसासारखी बुरी. झाडली की पुन्हा. ओल जमिनीतून दगडात चढत होती. पूर्वी ती चुन्याच्या दरजांतून हवेत निघून जायची, आता सिमेंटने वाट अडवली होती. ओलीबरोबर आलेले क्षार, आणि सिमेंटमधून निघालेले क्षार, गिलाव्याच्या मागे अडकले आणि तिथेच त्यांचे स्फटिक होऊ लागले. स्फटिक वाढताना जागा मागतो. मिळाली नाही तर समोरच्याला फोडतो. एका रात्री धप्प आवाज झाला आणि पाटाएवढा गिलावा खाली आला. त्याच्या पाठीला दगडाची ढलपी चिकटलेली होती. दोनशे वर्षांचा नसेल, पण शंभराहून जास्त पावसाळे पाहिलेला दगड, पापुद्रा सोलावा तसा सोलला होता. स्फटिकच. जात वेगळी. एक भिंतीला शिवणारा, दुसरा तिला उसवणारा. पहिल्याला मी हाकलले आणि दुसऱ्याला घरात घेतले.

अब्बा २००९ मध्ये गेले. तोवर मी त्या भिंतीपुढे कपाट उभे करून ठेवले होते. त्यांना कपाटामागचे माहीत होते. विषय त्यांनी काढला नाही, मीही नाही.

२०१९ मध्ये एका जुन्या वास्तूच्या दुरुस्तीवर चुन्याचे काम करणारे एक वयस्कर गवंडी भेटले. त्यांना घरी आणले. त्यांनी कपाट सरकवले, भिंतीवर तळहात ठेवला आणि बराच वेळ उचलला नाही. मग म्हणाले, ‘‘पाणी प्यालीय आणि उलटी करू देत नाही तुम्ही तिला.’’ सिमेंट हलक्या हाताने, छिन्नीने, टवका टवका काढायला पंचवीस दिवस लागले. दरजा मोकळ्या केल्या. लोणा ओढून घ्यायला ओल्या लगद्याचे लेप दिले, वाळले की काढले, पुन्हा दिले. चुना त्यांनी आमच्याच अंगणात पिंपात विरवला आणि महिनाभर पाण्याखाली झाकून ठेवला. नवऱ्या मुलाला हळद लावावी तशा दरजा भरल्या. रोज ओली गोणपाटे टांगायची. सिमेंटचे काम दोन दिवसांत उरकले होते, यात अडीच महिने गेले. खर्च किती आला हे घरात अजून सांगितलेले नाही.

दुसऱ्या वर्षी खिडकीखालच्या दरजेत केसाएवढा तडा दिसला. मी घाबरून गवंडीकाकांना फोन केला. ते म्हणाले, ‘‘हात लावू नका. त्याला एक पावसाळा द्या.’’ दिला. पाऊस त्या बाजूने झोडपतो. दिवाळीच्या सुमारास पाहिले तर तड्याच्या जागी एक पांढरी, बारीक रेघ होती. भिंग आणून पाहिले, रेघेत कण चमकत होते. नख ओढून पाहिले, ते अडकले नाही.

त्याच भिंतीत दाराच्या वरच्या अंगाला आणखी एक तडा आहे. तिथे छज्जा असल्यामुळे पाऊस पोचत नाही. त्यावर रोज फज्रच्या नमाजनंतर स्टुलावर चढून मी तांब्याभर पाणी शिंपडतो.